मफलर बांधून थंड चहा

प्रिय काका,

पाकिटावरचं माझं अक्षर बघून घाबरला असाल तर आधी बसा. सगळं ठीक आहे. खोली आहे, काम आहे, पायही जागेवर आहेत, सध्यापुरते तरी. पत्र अशासाठी की फोनवर आपलं जे काही होतं त्याला बोलणं म्हणत नाहीत. "जेवलीस?" "हो. तुम्ही?" "झालं." "बरं मग." त्यानंतर तुम्ही गप्प, मी गप्प आणि मागे तुमच्या फ्रीजची घरघर. कधीकधी वाटतं, तुम्ही फोन त्याच्याच हातात देऊन निघून गेलात. आई होती तोवर आपल्याला एकमेकांशी बोलायची वेळच आली नाही. ती मध्ये उभी राहून इकडचं तिकडे करायची. "काका विचारतायत, तिकडे थंडी आहे का." "सांग त्यांना, आहे." "आहे म्हणतेय हो!" आता ते टपाल ऑफिसच बंद पडलंय, आणि आपण दोघं आपापल्या दारात उभे.

परवा तुमच्या शेजारच्या मावशींचा फोन आला. म्हणाल्या, काका खोल्या सोडायचं म्हणतायत, भावाकडे जाऊन राहणार, तुझी ट्रंक, सायकल वगैरे ठेवायची की कुणाला देऊन टाकायची ते विचारून घ्यायला सांगितलंय. मी म्हटलं, कळवते. मावशी म्हणाल्या, लवकर कळव गं, तुझं काही खरं नसतं, आज इथे तर उद्या तिथे. त्यांचंही बरोबर आहे. तर ते कळवायलाच बसलेय. पण सरळ मुद्द्यावर आले तर ती मी कसली? आई म्हणायची तसं, माझ्या पायालाच नाही, जिभेलाही भिंगरी आहे. जरा दम धरा.

इथे आता उन्हाळा आहे. मी मोठ्या हॉटेलच्या तळघरातल्या लाँड्रीत आहे. चादरी धुऊन येतात, त्या दोघींनी दोन टोकांना धरून गरम रोलरमध्ये सोडायच्या, पलीकडून दोघींनी घ्यायच्या आणि घड्या घालायच्या. दिवसभर वाफ. माझ्या जोडीला जी आहे ती चादरीच्या त्या टोकाला असते, त्यामुळे आमची मैत्री चादरीएवढ्या अंतरावरची आहे. रोलरच्या आवाजात काही ऐकू येत नाही, म्हणून आम्ही भुवया उडवून बोलतो. ती खूप विनोदी असावी, असा माझा अंदाज आहे. बाहेर पडलो की ती तिची बस पकडते आणि मी माझ्या गल्लीत शिरते, मग दुसऱ्या दिवसापर्यंत कुणाला भुवया दाखवायचीही सोय नाही.

आज सुट्टी. दुपारी खोलीचा पत्रा तापला, आणि मला आईचा थंड चहा प्यावासा वाटला. विकतचा नव्हे. खाली दुकानात बाटल्या मिळतात, पण त्यात चहा नुसता ओळख दाखवून निघून गेलेला असतो. म्हटलं, घरीच करू. आधी पाण्यात पत्ती टाकली आणि सवयीनं खळाखळा उकळली. इतका कडू झाला की जीभ आखडली. मग आई आठवली, कमरेवर हात ठेवून, "चहा म्हणजे काय कपडे आहेत का उकळायला? पाणी उकळ, गॅस बंद कर, मग पत्ती टाक, झाकण ठेव आणि बाजूला हो. तुझ्यानं बाजूलाच होववत नाही." दुसऱ्यांदा बाजूला झाले. रंग छान उतरला. पण धीर कुठला, गाळलेला चहा गरमागरम तसाच फ्रीजमध्ये नेऊन ठेवला. बघते तर गढूळ, पावसातल्या डबक्यासारखा. तुमचा आवाज कानात वाजला, "गरम वस्तू आत ठेवायची नाही, मशीनला धाप लागते." त्याच वेळी आईचा, "त्याच्या मशीनचं मरू दे, चहा गढूळ होतो ते बघ." एकाच चुकीवर तुम्ही दोघं दोन कारणांनी ओरडायचात. तिसऱ्या खेपेला बाहेरच निवू दिला. साखर आधी थोड्या गरम पाण्यात विरघळवून घेतली, कारण थंडात ती नुसती तळाशी बसून राहते, पाहुण्यांत बसवलेल्या माझ्यासारखी. संत्र्याची साल घातली, आतलं पांढरं खरवडून. पुदिना सुरीनं न कापता हातानं चुरडून. शेवटी लिंबू. काका, जमलं बरं का. वास तर अगदी आपल्या ओट्याचा.

मग बर्फ घातला आणि सगळ्यावर पाणी पडलं. आमच्या मजल्यावर चार खोल्यांत मिळून एकच फ्रीज, व्हरांड्यात. बर्फाचा ट्रे माझा, पण त्याच्या शेजारी कोपऱ्यातल्या खोलीतल्या ड्रायव्हरदादांचे मासे. बर्फ शेजाऱ्याचा वास उचलतो हे मी विसरलेच. संत्रं, पुदिना, लिंबू आणि पापलेट. ड्रायव्हरदादांना एक घोट दिला तर म्हणाले, "मला काय, मला ओळखीचाच वाटतोय."

या फ्रीजचंही सांगते. मी आले तेव्हा तो रात्रंदिवस कण्हायचा, बंदच व्हायचा नाही. सगळे म्हणायचे, म्हातारा झालाय, फेका. मी दारात कागदाचा कपटा अडकवून दार लावलं आणि ओढून बघितला, तर अलगद बाहेर. दाराचं रबर सैल. गरम पाण्याच्या फडक्यानं शेकून ते बसवलं, मागच्या जाळीवरची धूळ ब्रशनं काढली, आणि गडी गप्प झाला. तेव्हापासून मजल्यावर माझा भाव वधारलाय. समोरच्या खोलीतल्या नर्सबाईंनी विचारलं, "हे कुठे शिकलीस?" मी म्हटलं, घरी. त्या म्हणाल्या, "घरी कोण असतं?" तेवढ्यात माझं दुधाचं भांडं उतू गेलं. म्हणजे गेलं नव्हतं, पण मी धावले.

तुम्ही पहिल्यांदा आमच्याकडे आलात तेही फ्रीज दुरुस्त करायलाच. मी शाळेतून येऊन जमिनीवर पसरले होते, आणि फ्रीजमागून फक्त तुमचे पाय दिसत होते. आईनं स्टुलावर चहा ठेवला. तुमचे हात काळे, तुम्ही "घेतो, घेतो" म्हणत राहिलात. बाहेर आलात तेव्हा कपावर साय धरली होती, जाड, सुरकुतलेली. आई लाजली, "थांबा, दुसरा टाकते." तर तुम्ही म्हणालात, "नको नको, मला थंडच आवडतो," आणि तो गार, साय धरलेला दुधाचा चहा एका दमात संपवलात. तुमच्या गळ्याची घाटी वरखाली झालेली मला अजून दिसते. नंतर तुम्ही रबर बघायला आलात. मग रबर नीट बसलंय का ते बघायला. आई मला हळूच म्हणाली होती, "बऱ्या झालेल्या फ्रीजला भेटायला कोण येतं गं?" पण तोवर तिनं थंड चहाची बाटली भरून ठेवली होती, बिनदुधाचा, लिंबू घालून. माणसाला थंड आवडतो ना, मग नीट थंड देऊ.

झालं, तेवढ्यावर तुम्ही फसलात. लग्न झालं, आपण तिघं त्या दोन खोल्यांत राहायला लागलो, आणि रोज कामावरून आलात की समोर थंड बाटली. उन्हाळ्यात ठीक होतं. पण हिवाळ्यात, खिडक्या लावून, स्वेटर घालून, कानाला मफलर बांधून तुम्ही बर्फाचे खडे चघळत बसायचात आणि आईनं "कसा झालाय?" विचारलं की दात वाजवत "फक्कड" म्हणायचात. एकदा मी शाळेतून तुमच्या दुकानावरून येत होते. समोरच्या टपरीवर तुम्ही दोन्ही हातांत ग्लास धरून वाफाळता चहा पीत होतात, डोळे मिटून. डोळे उघडलेत तर समोर मी. तुम्ही ओठांवर बोट ठेवलंत आणि मला क्रीमची बिस्किटं घेऊन दिलीत. मी आईला काही बोलले नाही. त्याआधी तुम्ही माझ्यासाठी फक्त आईचे कुणीतरी होतात. माझे झालात ते त्या बिस्किटांपाशी.

आता हे ऐका. शेवटच्या उन्हाळ्यात मी घरी होते आणि आईला उठवत नव्हतं, तेव्हा ती पलंगावरून सांगायची आणि मी चहा करायचे. एका दुपारी, तुम्ही औषधं आणायला गेला होतात, मी सालीचं पांढरं खरवडत होते. ती एकदम म्हणाली, "त्याला गरमच आवडतो गं." माझ्या हातातली सुरी थांबली. ती म्हणाली, "मला पहिल्याच हिवाळ्यात कळलं. मफलर बांधून बर्फ खाणारा माणूस पाहिलायस का कुठे?" मी म्हटलं, मग बोलली का नाहीस? तर म्हणाली, "कशी बोलू? इतकं जपून खोटं बोलायचा, मोडवेना. म्हटलं, प्यायचाच आहे बिचाऱ्याला, तर निदान चवीचा तरी देऊ." काका, संत्र्याची साल, पुदिना, आलं, सफरचंदाच्या फोडी, ते सगळे दर आठवड्याचे नवे नवे प्रकार यासाठी होते. आम्हाला वाटायचं तिला हौस. ती तुमच्या शिक्षेत साखर घालत होती. आणि वर म्हणाली, "मी आहे तोवर सांगू नकोस. उगाच लाजेल." नंतर ती इतकी हसली की खोकला आला, आणि तुम्ही दारातून धावत आलात. काय झालं म्हणून विचारलंत तर म्हणाली, काही नाही, हिनं साल जाड काढली.

मावशी म्हणाल्या, तुमच्या फ्रीजमध्ये अजून रोज बाटली भरलेली असते. तुम्हीच करता आणि तुम्हीच संपवता. म्हणून सांगून टाकलं. आता गरम प्या. कुणाचं मन मोडणार नाही. आणि नाही सोडवलं तर तेही समजेल मला, कारण इथे मी बसलेय समोर तीन माणसांच्या चहाचा जग घेऊन. कितीही कमी करायला गेले तरी हात तिघांचंच माप घालतो. एक ग्लास प्यायले. एक नर्सबाईंच्या दारात घेऊन गेले, तर कुलूप होतं. बाकीचा तसाच आहे. एकटीनं थंड चहा पिताना एक गोष्ट कळली, तो निवत नाही. गरम चहा निवतो म्हणून माणूस उठतो तरी. हा घेऊन नुसतं बसून राहता येतं.

तर मुद्दा. ट्रंक द्यायची तर द्या. सायकलचं चाक वाकडं आहे, घेणाऱ्याला आधी सांगा. खोल्या सोडायच्या तर सोडा, त्या भिंतींकडे बघत एकट्यानं राहणं काय असतं ते मी तुम्हाला शिकवायला नको. पण हे मावशींकडून विचारून घेतलंत ते मला लागलं. आई गेल्यावर माझं तुमच्याकडे सामानच तेवढं उरलंय, असं तुम्हाला वाटलं असेल, तर ते चूक आहे. किंवा तुम्हाला वाटलं असेल की मलाच तसं वाटतं. तेही चूक आहे. पुढच्या महिन्यात इथलं काम संपतंय. दरवेळी काम संपलं की मी नवं गाव शोधते. या वेळी नाही शोधलं. तुम्ही जिथे असाल तिथे येणार आहे, तुमच्या भावाकडे असलात तर तिथेही. फक्त पत्ता मला तुम्ही द्या, तुमच्या तोंडून. त्या घरात कुणीतरी विचारेलच, ही तुमची कोण? तुम्हाला अवघड वाटलं तर गप्प राहा, चालेल मला, आपल्याला सवय आहे. मी सांगेन. काय सांगायचं ते इथे बसून बसून माझं ठरलंय, आणि आधी तुम्हालाच कळावं म्हणून खाली सहीत लिहितेय.

तुमचीच,
लेक