पिवळ्या टोपड्यातलं बाळ

लाडके लोरीन,

घाईघाईत लिहितोय, अक्षर सांभाळून घे. कॉलेज फुटबॉलचा अंतिम सामना आपल्या कॉलेजच्या हिरव्यांनी जिंकला. तुझ्या नवऱ्याच्या कॉलेजचे पिवळे जिंकतच आले होते, पण अगदी आपल्या गोलरेषेपाशी त्यांनी हाताने फेकलेला चेंडू आपल्या पोराने मधेच झेलला आणि तो घेऊन सबंध मैदान पळत ओलांडून गुण मिळवले. रूफसमामा सोफ्यावर चढून नाचला. उकडलेल्या शेंगा घरभर झाल्या.

मी मात्र टीव्हीकडेच बघत होतो. हरलेल्यांचे रडवेले चेहरे दाखवत होते, त्यात तू दिसलीस. कडेवर पिवळ्या टोपड्यातलं तान्हं बाळ!

मी रिमोट घेऊन चित्र मागे नेलं.

"अहो दाजी, चेंडू तिकडे पुढे गेलाय! मागे काय शोधताय?" रूफस ओरडला.

मी चित्र तुझ्यावर थांबवलं आणि सगळे टीव्हीपाशी गोळा झाले.

"टोपडं सोडलं तर नाक आपलंच आहे गं बाई," आई पडद्यावर बोट ठेवून म्हणाली, आणि रडायलाच लागली.

तुझ्या लग्नात दोन्ही घरांची कॉलेजच्या संघांवरून हमरीतुमरी झाली, तेव्हापासून तुझा फोन नाही, पत्ता नाही. हे पत्र टाकू तरी कुठे? आणि नात आहे की नातू, एवढं तरी कुणाला विचारू?

आई उद्या दुकानातून पिवळी लोकर आणणार आहे. या घरात, पिवळी! आणि तिला दुकानात न्यायला रूफस स्वतःहून तयार झालाय.

तुझा बाबा,
आणि आजपासून कुणाचा तरी आजोबा