व्यंकटच्या पलंगाजवळची खुर्ची

नांदेड, सोमवार, संध्याकाळ

व्यंकटच्या मातीला गेलो होतो, आत्ताच देगलूरहून आलो. आंघोळ झाली, पण ती खुर्ची डोळ्यांपुढून हलत नाही. लाल प्लास्टिकची, पलंगाला चिकटून ठेवलेली.

वहिनी म्हणाल्या, "भाऊजी, शनिवारपासून तिच्यावर कुणालाच बसू दिलं न्हाई. पाव्हणे आले तरी हे म्हणायचे, ती ऱ्हाऊ द्या, तो येणार हाय."

आणि रविवारी तो गेला तेव्हा मी कुठं होतो? इथं वाचनालयात, एका प्राचीन तमिळ कवीवर भाषण देत. कवीची आणि राजाची जिवाभावाची मैत्री, पण उभ्या जन्मात भेट नाही. राजा अन्न सोडून, उत्तरेकडं तोंड करून मरणाची वाट बघत बसला. म्हणाला, माझ्या शेजारी जागा ठेवा, तो येईल. लोकांना खरं वाटेना. कवी आला, त्या जागेवर बसला आणि त्याच्याबरोबरच गेला. टाळ्या पडल्या. बरं वाटलं मला, खोटं कशाला लिहू?

शनिवारी व्यंकटचा फोन आला होता. "लई दिवस झाले, येऊन जा की." म्हटलं, उद्याचं भाषण उरकतो आणि येतो. कशावर, म्हणाला. मग ही सगळी गोष्ट मीच त्याला रंगवून सांगितली. राखलेल्या जागेसकट. तो नुसता "हाव" म्हणाला.

आज त्या खुर्चीवर बसायचं धाडस झालं नाही. उभाच राहिलो.

त्या कवीला तर कुणी बोलावलंही नव्हतं.