भिंतीवरचा तेलाचा डाग

इंदूर, ४ फेब्रुवारी २०२५

ती. सौ. आईस,
अनुश्रीचा शि. सा. न. वि. वि.

फोनवर तुला नीट ऐकू येत नाही, म्हणून लिहिते. घरातली पहिली ग्रॅज्युएट म्हणून बाबा मला गौतमपुऱ्यात मिरवतात, पण मी करते काय हे त्यांनाही सांगता येत नाही. सिनेमातली जागा खरी वाटेल अशी उभी करायची, हे प्रॉडक्शन डिझायनरचं काम. दिग्दर्शक नीरजजींनी त्यांच्या छोट्याशा सिनेमात ते पहिल्यांदाच माझ्यावर सोपवलंय.

कृष्णपुऱ्याजवळच्या भाड्याच्या खोलीत मी मिलमधल्या म्हाताऱ्या कारकुनाचं घर केलं. तो डोकं टेकून बसतो तिथे भिंतीवर तेलाचा डाग हवा होता. अकरा दिवस तेल नि काजळी चोळून तो आणला. रविवारी तू परत गेलीस आणि सोमवारी बघते तर डाग साफ! शूटिंग पुढे ढकललं. किल्ल्या दोनच. एक माझ्याकडे, दुसरी माझे असिस्टंट देवदत्त यांच्याकडे. ते माझ्याहून दहा वर्षांनी मोठे, आणि हे काम त्यांना हवं होतं. विचारलं तर खाली बघून म्हणाले, “मॅडम, फिर से बना लेंगे.” मनात चोर नसलेला माणूस असं बोलतो का?

तुझी,
अनुश्री

गौतमपुरा, ७ फेब्रुवारी

चि. अनुश्रीस,
आईचे आशीर्वाद.

सिनेमावाल्यांवर माझा तसाही भरोसा नाही. पण कोणावर आळ घ्यायची घाई करू नको. डाग आपोआप उडाला असेल. देवदत्त मला तर सरळ वाटला, बसपर्यंत सोडायला आला होता बिचारा. आणि कोणी केलं ते कळलं, तर तुझं काम राहील ना? तेवढं कळव. जेवत जा.

तुझी आई,
रमा

इंदूर, १० फेब्रुवारी

ती. सौ. आईस,
शि. सा. न.

भिंती आपोआप धुतल्या जात नाहीत, आई. ते तुला सोडायला आले होते हे त्यांनी माझ्यापासून लपवलं. म्हणजे रविवारी ते खोलीच्या आसपासच होते! सगळ्या युनिटसमोर मी नीरजजींना सांगितलं, की डाग यांनीच पुसला. देवदत्तजींनी खिशातून किल्ली काढली. ती टेबलावर ठेवली आणि ते निघून गेले. वाईट वाटलं, पण खोटेपणा मी चालवून घेणार नाही. माझं काम पक्कं आहे, काळजी नको.

तुझी,
अनुश्री

गौतमपुरा, १३ फेब्रुवारी

चि. अनुश्रीस,
आशीर्वाद.

डाग मी पुसला. रविवारी तू बाजारात होतीस, बसला वेळ होता. तुझं काम बघायचं म्हणून मीच देवदत्तला खोली उघडायला लावली. तो चहा सांगायला गेला. भिंत बघून मला कसंनुसं झालं. चार लोक येणार, म्हणणार पोरीला घर ठेवता येत नाही. धुण्याच्या सोड्याचं पाणी करून घासून काढली. तो परतला आणि उंबऱ्यावरच बसला. मग म्हणाला, “माँजी, मॅडमला सांगू नका. पहिली फिल्म आहे त्यांची. मी बनवून देतो.” तुझं पहिलं पत्र आलं तेव्हाच लिहायला हवं होतं. तुझं काम जाईल म्हणून भ्याले.

आई

इंदूर, १७ फेब्रुवारी

ती. सौ. आईस,
शि. सा. न.

तुझं पत्र मी त्याच युनिटसमोर वाचून दाखवलं. नीरजजी एवढंच म्हणाले, की हा सिनेमा पुरा कर, पुढचं पुढे बघू.

मग बडा गणपती भागात देवदत्तजींच्या घरी गेले. ते परत येणार नाहीत. मी माफी मागितली. मी निघताना दारात त्यांनी विचारलं, “त्या सोड्याने माँजींचे हात तर नाही ना फुटले?”

मी तुला ते कधी विचारलंच नव्हतं. त्यांचा पत्ता मागे लिहिलाय. तूच त्यांना कळव, आणि मलाही.

लोभ ठेव म्हणायला आज धीर होत नाही.

अनुश्री