ताटाकडं बघून वाढणं

आये, मी बोलतेय आणि नात लिहितेय. मध्ये कुठं शहाणपणाचं काही आलं तर ते तिचं समज.

पेणला सरकारी दवाखान्यासमोर आम्ही चार बायका रोज दुपारी फुकट जेवण घालतो. भात, आमटी, एखादी भाजी. पेशंटजवळ बसलेली माणसं येतात, नाक्यावर काम न मिळालेली येतात. तुला हसू येईल, कारण घरात माझा भात कायम करपायचा. आता मोठ्या टोपात करते, करपलेला तळाशी राहतो, कुणाला कळत नाही.

मिठागरावर तू दुपारी भाकरीचं फडकं सोडायचीस. शेजारी कुणी उपाशी बसलेलं असलं तर अर्धी त्याच्या हातावर ठेवायचीस आणि तोंड खाडीकडं फिरवायचीस. मी विचारलं तर म्हणालीस, "देताना हाताकडं बघावं गो, तोंडाकडं नाय. उद्या त्याला आपल्यासमोरून जायचं असतं." मी अजून तशीच वाढते, ताटाकडं बघून.

गेल्या आठवड्यात आम्हाला तांदूळ देणारे शेठ मोबाईल घेऊन आले. रोह्याकडची एक बाई जेवायला आलेली, नवरा आत ॲडमिट. शेठ म्हणाले, "आजी, दोघींनी ताट धरा आणि इकडं बघा." बाईनं पदर तोंडावर ओढला, भरलं ताट खाली ठेवलं आणि गेली. दुसऱ्या दिवशी ती आलीच नाही, शेठ मात्र परत मोबाईल घेऊन आले. मी शेठना सांगितलं, "फोटो टोपाचा काढा. तो लाजत नाय."

"मग तांदूळ पण टोपाकडंच मागा," शेठ म्हणाले आणि निघाले.

तांदूळ बंद झाला. बाकीच्या तिघी माझ्याकडं बघत राहिल्या. म्हटलं, बघताय काय, पाणी वाढवा, पेज करू. मग वॉर्डात जाऊन त्या बाईला म्हणाले, "चल गो, मोबाईल गेला." आली. दोन वाडगे पेज प्यायली, वर खारातली मिरची. मी वाडग्याकडंच बघत होते. उद्यापासून आम्ही घरोघर मूठमूठ तांदूळ मागायला निघणार आहोत. माझ्या गुडघ्यांना अजून सांगितलेलं नाही.

हे टपालात टाकायचं नाही, तुला तरी कुठं वाचता यायचं. पण एक राहिलं, ते त्या तिघींनाही बोलले नाही. शेठ तावातावानं निघाले तेव्हा ऐन जेवणाची वेळ होती, टोपात त्यांच्याच तांदळाचा भात होता. मी त्यांना जेवायला बसा म्हणाले नाही.