मागे घेतलेला तांब्या

तिलक नगर, जयपूर
नोव्हेंबर १९६२

चि. उमाकांत यास आशीर्वाद.

तू सरहद्दीवर चिन्यांशी लढतो आहेस, म्हणून हे पत्र तुला धाडणार नाही. पण कालपासून मन ठिकाणावर नाही.

जवानांच्या गाड्यांना पाणी द्यायला मी आणि तुझी आई रोज स्टेशनवर जातो. काल पोलीस पहाऱ्यातली एक गाडी आली. आत पिढ्यान्‌पिढ्या आसामात राहिलेली, पण चिनी वंशाची म्हणून धरून छावणीत नेत असलेली कुटुंबं होती. खिडकीतून पाचेक वर्षांची पोर म्हणाली, "दादाजी, पानी." आणि माझा हात तांब्यासकट मागे आला.

दयेचा कोंब प्रत्येकात असतो, निगा राखली की माणूस घडतो, ही चिनी ऋषी कन्फ्यूशियसच्या पंथाची शिकवण तुला लहानपणापासून मीच सांगितली ना रे? बारा वर्षं वाचलं, ते सगळं पालथ्या घड्यावर पाणी.

तुझी आई म्हणाली, "पोथी घरी वाचा. तांब्या द्या इकडे." तिनेच फुलपात्र भरून दिलं.

पाणी पिऊन पोरीने ते फुलपात्र, माझ्या पोथीतल्या देण्याघेण्याच्या रीतीप्रमाणे, दोन्ही हातांत धरलं, मान लववली आणि तुझ्या आईला न देता आधी मला परत दिलं, मी वयाने मोठा म्हणून.

मी ते एका हाताने घेतलं.

तुझा,
नाना