नऊशे ते हजारच्या दरम्यान

६ जानेवारी

मुलाखतीत फळ्यावर २ लिहिले आणि थांबलो. मग ३ लिहिले. समोर बसलेली शेफाली नावाची मुलगी म्हणाली, सर, संख्या नका लिहू, प्रोग्रॅम लिहा. कुठल्याही दोन संख्या दिल्या की त्यांच्या मधल्या सगळ्या मूळ संख्या छापणारा. आमच्या मुलीपेक्षा, राजनंदिनीपेक्षा, फार तर चार वर्षांनी मोठी असेल. मी म्हणालो, अशी कामे माझी टीम करते. ती म्हणाली, टीम आज आलेली नाही का?

मार्कर शांतपणे खाली ठेवला. हसलो. लीडरशिप अशा वेळी दिसते.

घरी बायकोला, श्यामलाला, सांगितले, चर्चा सकारात्मक झाली.

७ जानेवारी

मेल आला. नाही म्हणतात. त्यात माझे आडनाव चुकवले आहे, त्यावरून कंपनीचा दर्जा कळला. सुटलो.

मूळ संख्या म्हणजे काय हे मला येते. एक आणि ती स्वतः सोडून जिला कशानेच पूर्ण भाग जात नाही ती. शाळेत होते. पण सतरा वर्षे मी सॉफ्टवेअर कंपनीत डिलिव्हरी मॅनेजर होतो, संख्या छापत नव्हतो. दिवाळीआधी कंपनीने आमचा अख्खा मजला काढून टाकला. मला काढले असे म्हणता येणार नाही. मजला गेला, मी त्यावर होतो.

संकल्प: रोज सकाळी कोडिंग. अपवाद नाही.

१० जानेवारी

संकल्पाला साधन लागते. माझा लॅपटॉप कंपनीचा होता, परत दिला. घरातला एकच, तो राजनंदिनीचा. ती इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला आहे आणि तो रोज कॉलेजला नेते. मी काय करू?

खाली बापूराव भेटले. ही सोसायटी झाली ती जमीन त्यांची. तेव्हापासून गेटजवळ खुर्ची टाकून बसतात. म्हणाले, काय साहेब, वर्क फ्रॉम होम का? हो म्हणालो. म्हणाले, होम दिसतंय आमाला, वर्क कुठं हाय?

वारज्यात राहायचे तर हे चालायचेच.

१५ जानेवारी, रात्री

राजनंदिनीने शिकवले. म्हणजे मी तिची परीक्षा घेतली. पद्धतीचे नाव चाळणी. संख्या ओळीने मांडायच्या. दोनच्या पाढ्यातल्या खोडायच्या, मग तीनच्या, मग पाचच्या, सातच्या. उरतात त्या मूळ. तिने तिचा प्रोग्रॅम दाखवला. सगळी मुले आतली नावे इंग्रजीत देतात, ही मराठीत देते. एका यादीला चाळणी, दुसरीला उरलेल्या. पहिल्या वर्षी असताना लिहिलेला. मी म्हणालो, हे प्रोफेशनल नाही. ती म्हणाली, बाबा, चालतं ना पण.

मग कागदावर मी स्वतः शंभरपर्यंत केले. सातचा पाढा कंटाळवाणा आहे, तो सोडला. ४९, ७७ आणि ९१ उरल्या. ती म्हणाली, तेरा साते किती? मी म्हणालो, ९१ दिसायला मूळ आहे. व्यवसायात कसे दिसते याला महत्त्व असते.

ती उठून झोपायला गेली.

२२ जानेवारी

आज नऊशे ते हजार. पाचशेपर्यंतच्या प्रत्येक संख्येने भागत बसावे लागेल असे धरले होते. राजनंदिनी म्हणाली, एकतीसपर्यंत पुरे. भाग जाणाऱ्या संख्या जोडीने येतात. एक मोठी असेल तर तिची जोडीदार लहान असते. लहान पकडली की झाले.

हे मला लगेच पटले.

मी एकोणतीसपर्यंत केले. अंदाजात थोडी सूट असतेच. ९६१ उरली. राजनंदिनी म्हणाली, एकतीस गुणिले एकतीस. मी म्हणालो, एक संख्या सोडली तर पूर्ण बरोबर आहे. ती म्हणाली, बाबा, मुलाखतीत ते नेमकी तीच विचारतात.

पोरगी हुशार आहे. माझ्यावर गेली आहे.

३१ जानेवारी

या आठवड्यात दोन मुलाखती. दोन्हीकडे मूळ संख्या. हा योगायोग वाटत नाही. माझ्या वयाच्या लोकांना टाळायला ठेवलेला प्रश्न आहे. पहिल्या ठिकाणी माझा प्रोग्रॅम थांबेचना. दुसऱ्या ठिकाणी थांबला, पण त्याने एकही संख्या छापली नाही. त्याबद्दल ते गृहस्थ म्हणाले, निदान चुकीची तरी नाही छापली. पुणेरी असणार.

श्यामला पॅथॉलॉजी लॅबमध्ये आहे. सकाळी सातला जाते, हल्ली रविवारीही. जेवताना म्हणाली, अहो, सतरा वर्षं तुम्ही तिथे करत काय होता नक्की? मी म्हणालो, माणसे सांभाळत होतो. म्हणाली, घरात दोन आहेत, बघा जमतंय का.

दमते बिचारी. मनावर घेतले नाही.

८ फेब्रुवारी

अखेर चांगली कंपनी. माझा बायोडेटा निवडला. मंगळवारी ऑनलाइन टेस्ट, घरून.

हीच कंपनी राजनंदिनीच्या कॉलेजलाही येते आहे, त्याच्या पुढच्या मंगळवारी. तिने डिसेंबरमध्ये आलेली एक लहान ऑफर या कंपनीसाठी सोडली. कॉलेजचा नियम आहे, एक ऑफर घेतली की बाकीच्या कंपन्यांना बसता येत नाही. तिच्या वर्गातल्या बहुतेकांची सोय झाली. ही थांबली आहे. यानंतर चांगले कोणी यायचे नाही.

बाप आणि लेक एकाच ऑफिसात. कँटीनमध्ये लोक बोट दाखवतील. मी तिला कामाच्या वेळी सर म्हणायला सांगणार आहे.

१० फेब्रुवारी

राजनंदिनी लॅपटॉप उद्या घरी ठेवणार. म्हणाली, मी कॉलेजच्या लॅबमध्ये बसेन, तुम्ही निवांत द्या टेस्ट.

ती झोपल्यावर तिच्या प्रोग्रॅमचा मोबाइलवर फोटो काढून ठेवला. फक्त उजळणीसाठी.

११ फेब्रुवारी, दुपारी

टेस्ट झाली. प्रश्न दिसला आणि मी मोठ्याने हसलो. कॅमेरा चालू होता, आत्मविश्वास दिसला असेल. दोन संख्या, त्यांच्या मधल्या मूळ संख्या.

आधी स्वतः लिहिले. माझ्या प्रोग्रॅमने सगळ्या विषम संख्या छापल्या. दिशा बरोबर होती. पण वेळ कमी होता आणि मोबाइल योगायोगाने स्क्रीनला टेकून उभा होता. दुसरी खिडकी उघडू नये अशी सूचना होती. मी उघडली नाही. फोटोवरून अक्षर न् अक्षर हाताने टाइप केले. सोपे नसते ते.

सगळ्या चाचण्या पास. हिरव्या खुणा. किती दिवसांनी पाहिल्या.

१४ फेब्रुवारी

पुढच्या फेरीसाठी निवड! पेढे आणले. गेटवर बापूरावांनाही दिला. म्हणाले, लागली का? मी म्हणालो, जवळजवळ. म्हणाले, मग जवळजवळ अभिनंदन.

श्यामला हसली. पेढ्याचा अर्धा तुकडा माझ्या तोंडात घातला. हे लिहून ठेवतो आहे.

राजनंदिनी म्हणाली, बाबा, एकट्यानं सोडवलंत? मी म्हणालो, तूच शिकवलेस ना. तिने मिठी मारली. माझ्या उत्तरात खोटे काही नाही.

१८ फेब्रुवारी

राजनंदिनीची टेस्ट. उड्या मारत घरी आली. आपलाच प्रश्न होता बाबा, मी तर डोळे मिटून लिहिला.

कसा लिहिलास, विचारले. म्हणाली, नेहमीसारखाच.

रात्री जेवण गेले नाही. ॲसिडिटी असावी.

२१ फेब्रुवारी

कॉलेजच्या प्लेसमेंट ऑफिसरांचा तिला फोन आला. कंपनी सगळे प्रोग्रॅम मशीनवर एकमेकांशी ताडून पाहते. हिचा प्रोग्रॅम आधी कोणीतरी दिलेल्या प्रोग्रॅमशी हुबेहूब जुळला. नावांसकट. आधीचा तो मूळ, नंतरची ती नक्कल, असा त्यांचा हिशेब. तिचे नाव थांबवले आहे. सोमवारी दहाला कॉलेजात कंपनीच्या माणसांसमोर बोलावले आहे. नक्कल ठरली तर या वर्षी एकाही कंपनीला बसता येणार नाही.

ती म्हणत राहिली, मी हे पहिल्या वर्षाला लिहिलंय, कुणाचं कशाला घेऊ? मग म्हणाली, बाबा, तुम्ही यादीला नाव काय दिलं होतं?

मी म्हणालो, आता आठवत नाही.

ती रडली नाही. माझ्याकडे पाहत राहिली. मी पंख्याचा वेग कमी केला.

२२ फेब्रुवारी

श्यामला सकाळी म्हणाली, सोमवारी तुम्ही यायचं. एक वाक्य बोलायचं. हा प्रोग्रॅम माझ्या मुलीचा आहे, मी चोरला. एवढंच.

चोरला हा शब्द बरोबर नाही. घरातल्या घरात चोरी होत नाही. मी तसे सांगितले. ती म्हणाली, मग घरातल्या घरात काय होतं ते तुम्हीच सांगा.

दुपारी कंपनीचा मेल आला. माझी दुसरी फेरी सोमवारी दहाला, व्हिडिओ कॉलवर.

शांतपणे विचार केला. मी सांगितले तर माझी संधी जाते, आणि तिला परत घेतील याची खात्री नाही. म्हणजे घरातले दोघेही बुडाले. मी आत गेलो तर आतून तिच्यासाठी शब्द टाकता येईल. शिवाय ती बावीस वर्षांची आहे. बावीसला माणसापुढे सगळेच असते. पन्नाशीला कोण विचारतो?

श्यामलाला हे समजावणार होतो. तिने दार लावून घेतले होते.

२३ फेब्रुवारी, रविवार

निर्णय झाला. जाणार. सरळ सांगणार. बापाने हे करायचेच असते, त्यात मोठेपणा नाही. तरी कुणाला तो दिसला तर माझी हरकत नाही.

शर्ट इस्त्री केला. राजनंदिनीला दाराबाहेरून सांगितले, बाळा, उद्या मी आहे. ती म्हणाली, बरं.

मुलाखत पुढे ढकला असा मेल आता लिहितो. मजकूर डोक्यात तयार आहे. सकाळी ताज्या मनाने पाठवलेला जास्त बरा.

२४ फेब्रुवारी

सकाळी नऊला दोघी दारात उभ्या राहिल्या. मी म्हणालो, तुम्ही पुढे व्हा, मागोमाग येतो. रिक्षा गेल्याचे गॅलरीतून पाहिले.

दहाला मोबाइलवर कॉल लागला. दोन माणसे होती. पहिला प्रश्न, हा प्रोग्रॅम तुम्ही स्वतः लिहिला का? मी हो म्हणालो. ते म्हणाले, थँक यू सर, एवढंच विचारायचं होतं.