परत आलेल्या खेळाडूची चादर

सर, आज दुपारच्या सुट्टीत स्टाफरूममध्ये डबा खाता खाता मोबाइलवर एक बातमी वाचली. जपानच्या व्यावसायिक बेसबॉलमध्ये एका पिचरला पुनरागमनाचं बक्षीस मिळालंय. कोपराचं ऑपरेशन झालं, दोन हंगाम घरी बसला आणि मग परत येऊन हंगामभर खेळला. फोटोत तो हातात करंडक घेऊन लाजल्यासारखा उभा आहे. शेजारी बसलेल्या बाईंना मी सहज म्हटलं, "हे बक्षीस तिथं दरवर्षी देत नाहीत. योग्य खेळाडू सापडला नाही तर त्या वर्षी कुणालाच नाही." त्या म्हणाल्या, "सोलापुरात बसून तुम्हाला बरं ठाऊक!" "आमच्या सरांनी सांगितलं होतं," एवढंच मी बोलले आणि डबा बंद केला. तुम्हाला जाऊन अठरा वर्षं झाली.

तुम्ही सांगोल्याकडचे. घरी मेंढरं, लहानपण त्यांच्यामागं रानात गेलेलं. शाळेत खेळाचे मास्तर झालात तरी बोलणं शेवटपर्यंत तिकडचंच राहिलं. मुलींना बेसबॉल शिकवायचं तुम्ही डोक्यात घेतलंत, तेव्हा गावात बहुतेकांना हा खेळ म्हणजे क्रिकेटचाच कसलातरी प्रकार वाटायचा. चौदा मुलींत सहा ग्लव्ज होते. मला पहिल्यांदा बॉल टाकायला शिकवताना तुम्ही मैदानाच्या कडेला एक विटेचा तुकडा ठेवलात. "मेंढरू वाट सोडून चाललं की त्येच्या म्होरं दगड पडला पायजे. मेंढराला लागला न्हाय पायजे. तसा टाक." मी शंभरेक वेळा टाकला असेन. तुम्ही उन्हात उभे राहून प्रत्येक वेळी नुसतं "पुना" म्हणत होतात. कंटाळा नाही, राग नाही. आज मी स्वतः खेळाची शिक्षिका आहे आणि विसाव्या चुकीला माझा आवाज चढतो, तेव्हा तुमचं ते "पुना" आठवून मला माझीच लाज वाटते.

एका उन्हाळ्यात तुम्ही उत्तरेकडे प्रशिक्षण शिबिराला जाऊन आलात. तिथं एक वयस्कर जपानी प्रशिक्षक आले होते. दुभाष्यामार्फत त्यांनी जे सांगितलं ते तुम्ही वहीत लिहून आणलंत आणि लिंबाखाली बसवून आम्हाला वाचून दाखवलंत. दुखापतीमुळं किंवा आजारपणामुळं मागं पडलेला, आणि परत येऊन चांगला खेळलेला खेळाडू. त्याचं वेगळं बक्षीस. तुम्हाला ते इतकं आवडलं की त्याच वर्षी नव्या पेठेतून एक जाड, किरमिजी काठाची चादर घेऊन आलात आणि आपल्या संघातही हे बक्षीस सुरू केलंत. वार्षिक समारंभात सगळी बक्षिसं वाटून झाली, चादर मात्र टेबलावर तशीच. "यंदा कुणी परत आलंच न्हाय, तर देऊ कुणाला?" असं म्हणून तुम्ही ती पुन्हा पिशवीत घातलीत. मुली हसल्या. मी हसले नाही. ती चादर मला हवी होती.

पुढच्या वर्षी होम बेसवर पडून माझं खांद्याजवळचं हाड मोडलं. डॉक्टर म्हणाले, सहा महिने हात वर करायचा नाही. आमचं घर म्हणजे खाली चार माग आणि वर दोन खोल्या. दिवसभर खडखडाट. तुम्ही पहिल्यांदा आलात तेव्हा अम्मा दारातच उभी राहिली. परका माणूस, वयात आलेली मुलगी. तुम्ही आत आला नाहीत, उंबऱ्याबाहेर पायरीवर बसलात. "अम्मा, पोरीचा हात तेवढा माझ्यावर सोपवा. सा म्हयन्यांत हुता तसा करून देतो." अम्माचं मराठी तेलुगू वळणाचं. ती म्हणाली, "हात तुम्ही घ्या सर, अभ्यास कोण घेणार?" तुम्ही हसून म्हणालात, "त्यो बी घेतो." आणि खरंच घेतलात. रोज संध्याकाळी सहाला तुमची सायकल दारात. आधी बोटं, मग मनगट, मग कोपर. हाड जुळल्यावर तुम्ही त्या जपानी प्रशिक्षकांची एक युक्ती काढलीत. बॉलऐवजी हातात टॉवेल धरायचा आणि बॉल टाकल्यासारखा हात फिरवायचा. नानांनी, माझ्या वडिलांनी, मागावरचा वीण चुकलेला एक टॉवेल काढून दिला. मी गच्चीवर उभी आहे, तुम्ही डोळे मिटून पायरीवर बसला आहात, खाली माग चालू आहेत आणि त्या आवाजातूनही तुम्हाला माझा टॉवेल ऐकू येतो. "सट् असा आवाज म्होरं आला पायजे. ह्यो मागं आला. पुना."

त्यानंतरच्या हंगामात मी परत आले, कर्णधार झाले आणि अंतिम सामना आम्ही जिंकला. खांदा दुखला नाही. चादर माझीच, यात मला तिळभरही शंका नव्हती.

त्याच हंगामात आणखी एक मुलगी परत आली होती. आमच्याच गल्लीतली. तिच्या वडिलांची गिरणी बंद पडली तेव्हा तिनं खेळ सोडला आणि आईबरोबर विड्या वळायला बसली. दोन वर्षं ती मैदानावर फिरकली नव्हती. मग एका सकाळी बोटांना तंबाखूचा वास घेऊन येऊन उभी राहिली. सकाळी सराव, मग शाळा, मग संध्याकाळभर विड्यांचं सूप मांडीवर. हंगामभर ती राखीव म्हणून बाकावर बसली. अंतिम सामन्यात एक डाव क्षेत्ररक्षणाला उभी राहिली आणि त्या डावात तिच्या बाजूला बॉल गेलाच नाही.

समारंभात तुम्ही तिचं नाव घेतलंत. ती उठलीच नाही, तिला वाटलं चुकून घेतलं. मी टाळी वाजवली नाही. कार्यक्रम संपल्यावर सायकल स्टँडजवळ तुम्हाला गाठलं.

"सर, तिनं एक कॅचसुद्धा घेतला नाही."

"व्हय. बॉल आलाच न्हाय की तिच्याकडं."

"जपानमध्ये नुसतं परत येऊन भागत नाही. खेळून दाखवावं लागतं. तुम्हीच वाचून दाखवलंत."

"दाखवलं की. पर तितं खेळाडू घरी बसला तर त्येचा डाक्टर, त्येचा संघ, समदी वाट बघत्यात. तुजी बी आमी बघितली. मी रोज सायकल हाणत तुज्या दारात येत हुतो. तिच्या दारात कोण गेलं? मी बी गेलो न्हाय. ती आपली आपण आली."

"मग माझा हात बरा केलात कशाला?"

तुम्ही सायकलचं कुलूप काढता काढता थांबलात. "बक्षिसासाठी केला व्हय? मग चुकलंच माजं."

त्या एका वाक्यामुळं मी आठ दिवस मैदानावर आले नाही. नवव्या दिवशी आले तेव्हा तुम्ही घड्याळाकडं बघून म्हणालात, "उशीर झालाय. दोन फेऱ्या जास्त मार." संपला विषय. तुमच्याकडून पुन्हा कधी त्या दिवसाचा उल्लेख नाही.

खरं सांगायचं तर कितीतरी वर्षं मला वाटत राहिलं की तुमचं चुकलं. नियम तो नियम. मग चार वर्षांपूर्वी मला टीबी झाला. वर्षाहून अधिक काळ घरी होते. परत शाळेत रुजू झाले तेव्हा माझं मैदान दुसऱ्याकडं गेलं होतं, ते परत मिळेपर्यंत मला ग्रंथालयात पुस्तकांवर शिक्के मारायला बसवलं. कुणी वाईट वागलं नाही. कुणी माझी वाट बघत नव्हतं, इतकंच. रोज सकाळी नुसतं त्या फाटकातून आत जायला किती बळ लागतं, ते मला तेव्हा कळलं. तुम्हाला ते आजारी न पडता, बाकावर बसलेल्या एका मुलीकडं बघून कळलं होतं. एवढी नजर मला अजून आलेली नाही, सर.

त्या आजारपणात माझ्या दारात एकच माणूस रोज आलं. तीच. आता अंगणवाडीत आहे, दोन गल्ल्या सोडून राहते. कडक भाकरी, शेंगाचटणी, कधी पिठलं. तोंडाला रुमाल बांध म्हटलं तर "बांधते की" म्हणायची आणि गप्पा मारायला बसायची.

आता जे लिहायला बसले ते लिहिते. अंतिम सामन्याच्या आदल्या दिवशी तुम्ही मला बाजूला घेऊन विचारलं होतंत, "उद्या तिला सुरवातीपास्नं घालू का? हात कसा वाटतो तुला तिचा?" त्याच सकाळी तिनं मैदानाच्या पार टोकावरून टाकलेला बॉल सरळ माझ्या ग्लव्हमध्ये येऊन बसला होता. हात चुरचुरला होता माझा. मी म्हणाले, "कच्चा आहे सर अजून." कर्णधार म्हणून तुम्ही माझं ऐकलंत. चादरीवर दोघींचा हक्क होऊ नये म्हणून मी ते बोलले, आणि समारंभानंतर, तिनं खेळून दाखवलं नाही म्हणून तुमच्याशी भांडले.

तुम्हाला माहीत होतं का, हे मी विचारत नाही. आज शाळा सुटल्यावर तिला सांगायचंच असं ठरवून मी तिच्या घरी गेले होते. तिनं चहा केला. मी तो प्यायले, तिच्या सुनेची चौकशी केली, आणि घरी येऊन हे तुम्हाला लिहायला बसले.